देशोदेशींचा साक्षीदार : योरिस इव्हेन्स

चित्रपट म्हटला कीं बहुतेकांच्या डोळ्यांपुढें नटनटी, गाणीं आणि कथानक हींच उभीं राहतात. परंतु चित्रपटाची दुसरीही एक शाखा आहे. तींत नट नसतो, रंगविलेला देखावा नसतो. पावसांत भिजणारा रस्ता, कोळशाच्या खाणींतून वर येणारा मजूर, समुद्राला बांध घालणारे हात, हेंच तिचें कथानक. तिला माहितीपट असें नांव आहे. १९४८ सालीं स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनच्या लहान लहान चित्रपटांमुळें भारतांतील प्रेक्षकाला ही शाखा परिचित झाली. मुख्य खेळापूर्वीं हे चित्रपट दाखविले जात, आणि पुष्कळ प्रेक्षक तेवढ्या वेळांत अंधारांत आपली खुर्ची शोधीत असत.

अशा चित्रपटाचा खर्च तिकिटांच्या पैशांतून क्वचितच निघतो. मग तो कोण सोसतो? कधीं सरकार सोसतें, कधीं कारखानदार, कधीं कामगारसंघ, तर कधीं एखादा राजकीय पक्ष. आणि जो पैसा देतो त्याला बहुधा आरशांत आपलेंच तोंड पाहावयाचें असतें. माहितीपट काढणाराच्या धंद्यांतील खरें कोडें हेंच आहे. पैसा दुसऱ्याचा, फिल्म दुसऱ्याची, पुष्कळदां देशही दुसऱ्याचा. तर मग डोळा कोणाचा? नुसत्या तर्कानें याचें उत्तर मिळत नाहीं. तें एखाद्या माणसाच्या आयुष्यांतच पाहावें लागतें. त्या दृष्टीनें डच माहितीपटकार योरिस इव्हेन्स याचें आयुष्य मोठें बोधप्रद आहे. साठ वर्षांच्या अवधींत वस्तीच्या सहाही खंडांत त्यानें कॅमेरा फिरविला. कान आणि व्हेनिस येथील मोठीं पारितोषिकें त्यास मिळालीं. आणि ज्या मायदेशानें त्याला वर्षानुवर्षें परकें मानलें, त्यानेंच अखेरीस त्याला सरदारकी दिली.

इव्हेन्सचा जन्म १८ नोव्हेंबर १८९८ रोजीं हॉलंडमधील नायमेखन या गांवीं झाला. आजोबा छायाचित्रकार होते व वडिलांचें छायाचित्रणाच्या सामानाचें दुकान होतें. अशा घरांत कॅमेरा हें खेळणेंच. १९१२ सालीं, वयाच्या अवघ्या तेराव्या वर्षीं, त्यानें घरच्याच मंडळींना अमेरिकेंतील आदिवासींचीं सोंगें देऊन एक छोटा चित्रपट काढला. पुढें मुलानें दुकान सांभाळावें या हेतूनें वडिलांनीं त्यास रॉटरडॅम येथें अर्थशास्त्र व बर्लिन येथें छायाचित्रणाचें तंत्र शिकण्यास पाठविलें. तो शिकून परतला, दुकानाच्या ॲम्स्टरडॅम येथील शाखेंत कामही करूं लागला. पण मन दुकानांत रमलें नाहीं. १९२७ सालीं कांहीं कलाप्रेमी मंडळींनीं त्या शहरांत ‘फिल्मलिगा’ नांवाची संस्था काढली. बाजारांत न चालणारे, पण कलेच्या दृष्टीनें मोलाचे चित्रपट ती आपल्या सभासदांना दाखवी. इव्हेन्स या संस्थेच्या कामांत पुढाकार घेणाऱ्यांपैकीं होता. हीच त्याची खरी शाळा झाली.

त्याचे पहिले दोन नांवाजलेले चित्रपट अगदीं साध्या वस्तूंवर आहेत. रॉटरडॅममध्यें आगगाडीसाठीं बांधलेला एक पूल आहे. त्या काळीं जहाज आलें कीं त्याचा मधला भाग सरळ वर उचलला जाई आणि जहाज गेलें कीं खालीं येई. ‘पूल’ या १९२८ च्या चित्रपटांत एवढेंच दाखविलें आहे. पण लोखंडाच्या त्या हालचालींतील लय पाहतांना प्रेक्षकाचें मन गुंतून राहतें. दुसरा चित्रपट १९२९ चा, ‘पाऊस’. मानुस फ्रांकन हा त्यांत त्याचा सहकारी होता. आभाळ भरून येतें, कालव्याच्या पाण्यावर पहिले थेंब पडतात, छत्र्या उघडतात, ट्रामच्या कांचेवरून ओघळ वाहूं लागतात, आणि शेवटीं ऊन पडतें. चित्रपट अवघा बारा मिनिटांचा आहे. पाहणाराला वाटतें, एकच सर येऊन गेली. वस्तुतः कित्येक महिन्यांत पडलेल्या किती तरी सरींचे तुकडे जोडून ही एक सर तयार झाली आहे.

ही गोष्ट क्षुल्लक नाहीं. माहितीपट म्हणजे कॅमेऱ्यानें आपोआप टिपलेलें सत्य, अशी एक भोळी समजूत असते. परंतु कोणता तुकडा घ्यावयाचा, कोणता टांकावयाचा आणि कशापुढें काय जोडावयाचें, हें माणूसच ठरवितो. ‘पाऊस’ खोटा नाहीं. पण तो जसाच्या तसा कधीं पडलाही नव्हता. पावसाच्या बाबतींत अशी जुळणी निरुपद्रवी असते. माणसांच्या भांडणांत आणि राज्यांच्या उलथापालथींत तीच जुळणी किती जोखमीची होते, तें इव्हेन्सच्या पुढील आयुष्यांत दिसून येतें.

१९३१ सालीं फिलिप्स कंपनीनें आपल्या कारखान्यावर त्याच्याकडून चित्रपट काढविला. काम जाहिरातीचें होतें. पण पाहणाराच्या लक्षांत राहतात ते कांच फुंकणाऱ्या कामगाराचे फुगलेले गाल. याच सुमारास हॉलंडमध्यें एक अचाट काम चाललें होतें. झायडर झी नांवाच्या उथळ समुद्राच्या तोंडाशीं सुमारें बत्तीस किलोमीटर लांबीचा बांध घालून समुद्राच्या पोटांतून शेतजमीन काढावयाची होती. १९३२ च्या मे महिन्यांत त्या बांधाची शेवटची फट बुजविण्यांत आली. बांधकाम-मजुरांच्या संघासाठीं इव्हेन्स हें काम आधींपासूनच चित्रित करीत होता. दगड, चिखल, यंत्रें आणि माणसें एका बाजूला, भरतीचें पाणी दुसऱ्या बाजूला. हा सामना त्यानें असा पकडला कीं फट बुजतांच प्रेक्षकानेंही सुटकेचा निःश्वास टाकावा.

पण १९३३ च्या ‘नवी भूमि’ या चित्रपटांत त्यानें ही विजयकथा तेथें संपविली नाहीं. जग त्या वेळीं मंदीच्या गर्तेंत सांपडलें होतें. भाव टिकावा म्हणून कोठें धान्य समुद्रांत ओतलें जात होतें, आणि त्याच वेळीं शहरांत बेकार मजूर उपाशी हिंडत होते. इव्हेन्सनें हें दृश्य त्या नव्या शेतांच्या हिरव्यागार चित्रांनंतर जोडलें. समुद्र हटवून पिकविलेला गहूं जर पुन्हां समुद्रांतच जाणार असेल, तर हे श्रम कोणासाठीं? राष्ट्रीय गौरवाचें चित्र एका क्षणांत राष्ट्राला विचारलेला प्रश्न होऊन बसलें. जुळणीचें सामर्थ्य त्यास येथें पूर्णपणें उमगलें.

त्याच वर्षीं बेल्जमचा आंरी स्तोर्क याच्यासह त्यानें बोरिनाज येथील खाणकामगारांवर चित्रपट काढला. १९३२ चा मोठा संप फसल्यावर तेथील कुटुंबांना घरांतून बाहेर काढण्यांत येत होतें. पोलिसांची नजर चुकवून, आज या घरीं तर उद्यां त्या घरीं राहून चित्रण करावें लागलें. कार्ल मार्क्सचें चित्र घेऊन निघालेली कामगारांची एक मिरवणूक त्या चित्रपटांत आहे. ती कॅमेऱ्यासाठीं मुद्दाम काढविलेली होती. पण वाटेंत माणसें येऊन मिळत गेलीं, मुठी उंचावल्या, आणि बघतां बघतां ती खरीच मिरवणूक झाली. तेव्हां ती मोडण्यास पोलीसही धांवून आले. सोंग कोठें संपलें आणि सत्य कोठें सुरू झालें, याची रेघ तेथें कोणालाच ओढतां आली नसती.

१९३० सालींच इव्हेन्सनें सोव्हिएत रशिया पाहिला होता, आणि पुढें तेथील मॅग्निटोगोर्स्क या नव्या पोलादनगरीवर चित्रपटही काढला होता. साम्यवादावर त्याची श्रद्धा बसली. येथून पुढें तो तटस्थ प्रेक्षक राहिला नाहीं. आपण कोणाच्या बाजूनें पाहतों, हें माहितीपटकारानें लपवूं नये, अशी त्याची भूमिका झाली. या भूमिकेनेंच त्याच्या हातून सर्वोत्तम काम करविलें, आणि याच भूमिकेनें त्याला सर्वांत मोठा दगाही दिला.

१९३६ सालीं तो अमेरिकेंत गेला. त्याच वर्षीं स्पेनमध्यें यादवी युद्ध पेटलें. जॉन डॉस पॅसॉस, लिलियन हेलमन, आर्चिबाल्ड मॅक्लीश वगैरे अमेरिकन लेखकांनीं पैसा उभा करून इव्हेन्सला तिकडे धाडलें. प्रसिद्ध कादंबरीकार अर्नेस्ट हेमिंग्वे तेथें त्यास येऊन मिळाला. ‘स्पेनची माती’ या १९३७ च्या चित्रपटाचें निवेदन हेमिंग्वेनेंच लिहिलें व शेवटीं स्वतःच्या आवाजांत वाचलें. या चित्रपटांत केवळ तोफा नाहींत. माद्रिदच्या रस्त्यावर फ्वेन्तेद्वेन्या नांवाचें एक खेडें आहे. तेथील शेतकरी कोरड्या जमिनीला पाणी देण्यासाठीं पाट खणीत आहेत. कारण जमीन भिजली तर वेढ्यांत सांपडलेल्या राजधानीस धान्य पोहोंचेल. एकीकडे खंदक, एकीकडे पाट. कोरडवाहू मुलखांतील कोणत्याही शेतकऱ्याला या युद्धाचें मर्म भाषणावांचून कळावें, अशी ही मांडणी आहे. जुलै १९३७ मध्यें राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांना व्हाइट हाउसमध्यें हा चित्रपट दाखविण्यांत आला. त्याच्या उत्पन्नांतून रुग्णवाहिका घेतल्या गेल्या. तथापि अमेरिकेचें धोरण बदललें नाहीं आणि १९३९ सालीं लोकशाही पक्षाचा पाडाव झाला. चित्रपटानें युद्ध जिंकतां येत नाहीं. मात्र हरलेल्या पक्षाची माणसें कशासाठीं लढलीं, एवढें तो जगाला विसरूं देत नाहीं.

१९३८ सालीं इव्हेन्स चीनमध्यें होता. सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस भारतीय वैद्यकीय पथकाबरोबर चीनला गेले, तें हेंच वर्ष. जपानी आक्रमणाशीं झुंजणाऱ्या चीनचें चित्र इव्हेन्सनें ‘चाळीस कोटी’ या १९३९ च्या चित्रपटांत रेखाटलें. चिआंग-कै-शेकच्या सरकारनें त्यावर कडक देखरेख ठेवली व साम्यवाद्यांच्या ताब्यांतील येनानकडे जाऊं दिलें नाहीं. निघतांना त्यानें आपला एक हातकॅमेरा गुपचूप येनानच्या मंडळींकडे पोहोंचविला. स्वतःला जेथें जातां आलें नाहीं तेथें डोळा पाठवून दिला, असेंच म्हणावयाचें. चीनशीं जडलेलें त्याचें हें नातें पन्नास वर्षें टिकलें.

यानंतर त्याच्या आयुष्यांतील निर्णायक प्रसंग आला. अमेरिकन सरकारसाठीं खेड्यांतील विजेवर एक उत्तम चित्रपट त्यानें १९४० सालीं काढला होता. १९४४ सालीं डच सरकारनें त्यास डच ईस्ट इंडीजसाठीं, म्हणजे हल्लींच्या इंडोनेशियासाठीं, चित्रपट-आयुक्त नेमलें. मान, पगार, साधनें, कशाचीच वाण नव्हती. जपानच्या तावडींतून त्या मुलखाची सुटका होत असतांना तिचें चित्रण करावें, ही कामगिरी होती, आणि त्यासाठीं तो ऑस्ट्रेलियांत जाऊन थांबला. परंतु १७ ऑगस्ट १९४५ रोजीं इंडोनेशियनांनीं आपलें स्वातंत्र्य जाहीर केलें, आणि डच सरकार तें मान्य करण्याऐवजीं जुनी सत्ता पुन्हां स्थापन करण्याच्या खटपटीस लागलें. लोकांची मुक्तता म्हणजे त्यांच्यावर पुन्हां राज्य करणें, हा अर्थ इव्हेन्सला पटला नाहीं. नोव्हेंबर १९४५ मध्यें त्यानें राजीनामा दिला.

सिडनीच्या बंदरांत त्या वेळीं एक विलक्षण लढा चालू होता. इंडोनेशियाकडे शस्त्रें व सैनिक नेणाऱ्या डच जहाजांवर काम करण्यास इंडोनेशियन खलाशांनीं नकार दिला होता. ऑस्ट्रेलियन गोदी-कामगारांनीं त्यांना साथ दिली. चिनी व हिंदुस्थानी खलाशीही संपांत उतरले. तुटपुंज्या साधनांवर इव्हेन्स व त्याच्या सहकाऱ्यांनीं हा लढा चित्रित केला. १९४६ सालचा ‘इंडोनेशियाची हांक’ हा चित्रपट सुमारें बावीस मिनिटांचा आहे. हिंदुस्थानी खलाशी घेऊन एक जहाज बंदर सोडून निघतें. संपवाले छोट्या लाँचमधून त्याचा पाठलाग करतात, भोंग्यांतून आपल्या देशबांधवांना हांका मारतात, आणि शेवटीं तें जहाज माघारीं फिरतें. भारतीय प्रेक्षकाच्या अंगावर हा प्रसंग पाहून कांटा उभा राहील. कारण त्याच दिवसांत इंग्रजांच्या हुकमाखालीं हिंदुस्थानी पलटणी प्रत्यक्ष इंडोनेशियांत लढत होत्या. तेथें हुकूम मानणारे शिपाई हिंदुस्थानी, आणि येथें हुकूम नाकारणारे खलाशीही हिंदुस्थानीच. साम्राज्य कोणाच्या बळावर उभें असतें आणि कोणाच्या नकारानें डळमळतें, हें याहून थोडक्यांत सांगणें कठीण.

या बावीस मिनिटांची किंमत त्यास पुढें कित्येक वर्षें मोजावी लागली. हॉलंडमध्यें त्यास देशद्रोही म्हणण्यांत आलें. पासपोर्ट मिळे तोही अवघ्या कांहीं महिन्यांच्या मुदतीचा. जगभर हिंडणाऱ्या या माणसाला प्रत्येक नव्या प्रवासाआधीं आपल्याच देशाच्या वकिलातीचा उंबरठा झिजवावा लागे. मग त्यानें पूर्व युरोपांतील साम्यवादी देशांचा आश्रय घेतला. तेथें त्यास पैसा मिळाला, सन्मानही मिळाला. परंतु त्या काळांतील त्याच्या चित्रपटांतून पूर्वीची धार जाणवत नाहीं. १९५४ सालचें ‘नद्यांचें गाणें’ हा त्यांतील सर्वांत भव्य चित्रपट. व्होल्गा, मिसिसिपी, नाईल, ॲमेझॉन, यांगत्से आणि आपली गंगा, या सहा नद्यांच्या कांठचे कामकरी त्यांत एकत्र आणले आहेत. संगीत शोस्ताकोविचचें, गीत ब्रेख्टचें, आवाज पॉल रॉब्सनचा. एवढी थोर मंडळी असूनही तेथें माणूस मागें पडतो आणि घोषणा पुढें येते. राज्यकर्त्यांशीं भांडतांना जो डोळा तीक्ष्ण होता, तो त्यांच्याच पंगतीस बसल्यावर मंदावला.

१९५७ सालीं तो पॅरिसमध्यें स्थिरावला आणि पुन्हां एका नदीकडे वळला. ‘सेन आणि पॅरिसची भेट’ या चित्रपटांत कसलीही घोषणा नाहीं. नदीकांठीं गळ टाकून बसलेले म्हातारे, खेळणारीं मुलें, ओझीं उतरविणारे हमाल, प्रेमी जोडपीं, आणि जोडीला झाक प्रेव्हेर या कवीचें काव्य. १९५८ सालीं कान येथें लघुचित्रपटांचें सर्वोच्च पारितोषिक या चित्रपटास विभागून मिळालें. त्यानंतर इटली, माली, क्यूबा, चिली असा त्याचा प्रवास चालूच राहिला. इटलींतील तेल व नैसर्गिक वायूच्या सरकारी महामंडळानें काढविलेल्या चित्रपटांतही त्यानें दक्षिणेकडील दारिद्र्य दाखविलें, तेव्हां तेथील दूरचित्रवाणीनें त्यावर कात्री चालविली. व्हिएतनाम युद्धांत, साठीच्या उत्तरार्धांत, पत्नी मार्सेलीन लोरिदान हिच्यासह तो सतराव्या अक्षांशाजवळच्या खेड्यांत राहिला. वर बाँब पडत होते आणि खालीं भुयारांत लोकांचा संसार चालला होता. १९६८ च्या त्या चित्रपटांत युद्धापेक्षां तो संसारच अधिक दिसतो.

यापुढें आला तो त्याच्या आयुष्यांतील सर्वांत मोठा आणि सर्वांत वादग्रस्त प्रकल्प. १९७२ ते १९७४ या काळांत या पतिपत्नींनीं चीनमध्यें चित्रण केलें. त्यांतून ‘युकुंगनें पर्वत कसे हलविले’ ही सुमारें बारा तासांची बारा चित्रपटांची मालिका १९७६ सालीं बाहेर पडली. औषधाचें दुकान, तेलाचें क्षेत्र, शाळा, अशा ठिकाणीं सामान्य चिनी माणसें त्यांत स्वतः बोलतात. शाळेंतील एका चेंडूवरून झालेल्या तंट्याचा तींतील लहानसा भाग इतका जिवंत आहे कीं त्यास १९७७ सालीं फ्रान्समधील सेझार पारितोषिक मिळालें. पण हा काळ सांस्कृतिक क्रांतीचा होता. असंख्य लोकांचा छळ त्या वर्षांत झाला; कित्येकांना प्राणास मुकावें लागलें. तो छळ या बारा तासांत दिसत नाहीं. माओच्या मृत्यूनंतर सत्य जसजसें बाहेर येऊं लागलें तसतशी इव्हेन्सवर टीकेची झोड उठली. माणसें बोललीं हें खरें. पण कोणत्या माणसांना बोलूं दिलें जात होतें, हा प्रश्न त्यानें पुरेसा विचारला नव्हता. ‘नवी भूमि’ काढणाऱ्या इव्हेन्सनें तो विचारल्यावांचून सोडला नसता. पुढें दहा वर्षांवर त्याचा एकही मोठा चित्रपट आला नाहीं.

तो आला तेव्हां इव्हेन्स नव्वदीला टेकला होता. १९८८ ची ‘वाऱ्याची कहाणी’ व्हेनिस येथें प्रथम दाखविण्यांत आली, आणि त्याच वेळीं साऱ्या आयुष्याच्या कामगिरीबद्दल सुवर्णसिंह हा सन्मान त्यास देण्यांत आला. लहानपणापासून दम्यानें पछाडलेला हा वृद्ध चीनच्या वाळवंटांत खुर्ची टाकून वाऱ्याची वाट पाहत बसतो. एक म्हातारी वाळूवर आकृति काढून वाऱ्याला बोलावते. शिआन येथील मातीच्या प्राचीन सैनिकांचें चित्रण करण्यास अधिकारी पुरेशी सवलत देत नाहींत, तेव्हां तो बाजारांतून त्यांच्या नकली मूर्ति आणून आपलें सैन्य उभें करतो. येथें तो सोंगाला सोंग म्हणूनच दाखवितो. आणि सरकारची आडकाठीही लपवून न ठेवतां तिलाच चित्रपटाचा विषय करतो. ‘युकुंग’मध्यें जें राहून गेलें तें येथें, विनोदाच्या आवरणाखालीं कां होईना, सांगितलें गेलें आहे. आणि वारा तर दिसतच नाहीं. उडणारी वाळू दाखवूनच तो दाखवावा लागतो. सत्याचेंही असेंच असतें, हें सुचविण्यास त्यास साठ वर्षें लागलीं.

हॉलंडनेंही पूर्वीचा दुरावा संपविला. १९८५ सालीं डच मंत्र्यानें त्याचा जाहीर गौरव केला आणि इंडोनेशियाच्या बाबतींत इतिहासानें इव्हेन्सच्या बाजूनें कौल दिल्याची कबुली दिली. १९८९ च्या आरंभीं त्यास सरदारकी मिळाली. त्याच वर्षीं २८ जून रोजीं पॅरिसमध्यें त्याचें देहावसान झालें.

डोळा कोणाचा, या आरंभीच्या प्रश्नाचें उत्तर इव्हेन्सच्या चित्रपटांतच आहे. पैसा कोणाचा होता यावरून तें ठरलें नाहीं. कंपनीच्या पैशांतून त्यानें कामगार दाखविला. सरकारी पद सोडून बंदरावरचा संप दाखविला. बाजू घेतल्यामुळेंही त्याचें नुकसान झालें नाहीं. स्पेन आणि इंडोनेशिया येथें बाजू घेतल्यामुळेंच त्याला इतरांहून अधिक दिसलें. नुकसान झालें तें ज्या क्षणीं त्यानें आपल्या आवडत्या पक्षाला प्रश्न विचारणें थांबविलें त्या क्षणीं. साक्षीदार कोणाच्या बाजूचा आहे, हें न्यायाधीश विचारतोच. पण त्याहून महत्त्वाचें तो हें पाहतो कीं आपल्या बाजूला अडचणीची गोष्टही हा साक्षीदार सांगतो कीं नाहीं. इव्हेन्सनें ती पुष्कळदां सांगितली, कांहीं वेळां सांगितली नाहीं. माहितीपट पाहणाराला म्हणूनच त्याचें दोन्ही प्रकारचें काम उपयोगी आहे : एकापासून पाहावें कसें तें कळतें, आणि दुसऱ्यापासून काय दाखविलें गेलें नाहीं हें विचारण्याची संवय लागते.